बारा मीटरचा घेर

माझ्या हातात कापड दिलं की ते वाचतं, अशी माझी ख्याती होती, आणि तिचा मला भलताच माज होता. शारजात रोला चौकाच्या मागच्या गल्लीत आमचा फ्लॅट होता आणि हॉलच्या खिडकीशी माझं मशीन. बिल्डिंगमधल्या बायकांचे ब्लाउज, चर्चमधल्या मुलींचे पहिल्या कम्युनियनचे पांढरे ड्रेस, सगळं माझ्याकडे यायचं. अडीच मीटर आणलं तर मी ते दोनात बसवायचे आणि उरलेल्या अर्ध्यात वर काहीतरी शिवून द्यायचे, बटवा म्हणा, बाळाचं झबलं म्हणा. गिऱ्हाईक खूश आणि मी त्याहून खूश. हे मी माझ्या आईकडून, आयकडून शिकले. वसईत आय दिवसभर केळीच्या वाडीत राबायची आणि घरी आली की अख्ख्या आळीचं शिवण करायची. चिंधी फेकणारी बाई तिच्या मनातून कायमची उतरायची.

दोन हजार चार सालचा उन्हाळा होता. माझा नवरा दुबईतल्या एका हॉटेलात स्टोअर सांभाळायचा. तिथे चादरी-टॉवेलच्या खोलीवर नामिबियाची एक बाई सुपरवायझर होती. एका संध्याकाळी बूट काढता काढता नवरा म्हणाला, "तिला घरी न्यायला एक ड्रेस शिवून हवाय. तीन टेलर नाही म्हणाले. मी म्हटलं, आमच्या घरी ये." मला न विचारता! मी चिडले, पण तीन टेलर नाही म्हणाले हे ऐकून अंगात वारंही शिरलं. नामिबिया कुठे असतं ते आम्हा दोघांना माहीत नव्हतं. आमची मुलगी तेव्हा अकरा वर्षांची. तिने शाळेचा अ‍ॅटलास आणून टेबलावर आपटला, "साउथवेस्ट आफ्रिका, पपा, ऑब्व्हियसली," म्हणाली आणि टीव्हीपुढे जाऊन बसली. आम्ही मराठीत विचारायचं आणि तिने इंग्रजीत उत्तर द्यायचं, असं आमच्या घरात ठरूनच गेलं होतं.

शुक्रवारी ती नामिबियाची बाई आली. माझ्याच वयाची, उंच, शांत. बाहेर उन्हाने डांबर मऊ झालेलं. आमच्या पद्धतीप्रमाणे मी दारातच पाण्याचा ग्लास पुढे केला. तिने तो दोन्ही हातांनी घेतला आणि शेवटच्या थेंबापर्यंत प्यायली. ग्लास वाकडा करून तळ बघितला आणि मगच परत दिला. मी म्हटलं, बिचारीला तहान लागली असेल.

मग तिने उशीच्या अभ्र्यात गुंडाळून आणलेला एक जुना झगा सोफ्यावर पसरला, तर आमचा सोफा दिसेनासा झाला. वर अंगाला बसणारी चोळी, फुगीर लांब बाह्या, आणि खाली चुण्याच चुण्या, घोट्यापर्यंत. आतून घालायचे परकर वेगळे. झग्याच्याच कापडाचा डोक्यावर बांधायचा रुमाल होता, दोन्ही बाजूंना आडवी टोकं निघालेला. त्याला त्यांच्या भाषेत नाव आहे, ते मला अजून नीट म्हणता येत नाही.

"ही काय, शिंगं?" मी विचारलं.

"गाईची," ती म्हणाली. "आम्ही हेरेरो. गाई म्हणजे आमचं सगळं."

"आणि नवऱ्याने वाकडं बोललं तर उपयोगी पडतात का?"

ती मोठ्याने हसली. आमचं बोलणं मोडक्या इंग्रजीत चालायचं, तिचं कमी मोडकं, माझं जास्त. पण त्या हसण्यानंतर ती मला आवडायला लागली.

तिने सगळं सांगितलं. झगा तिच्या आईचा होता. आई ऐंशीच्या पुढची, दोन्ही डोळे गेलेले. शंभर वर्षांपूर्वी त्यांच्या लोकांनी जर्मनांविरुद्ध लढाई केली होती आणि येत्या ऑगस्टमध्ये, जिथे ती लढाई झाली त्या डोंगरापाशी, सगळे हेरेरो जमणार होते. एरवी दर वर्षी पूर्वजांच्या दिवसाला आई हा झगा घालून मिरवणुकीत चालायची. आता झगा विरला होता आणि आईला त्याचं ओझं पेलत नव्हतं. तेव्हा मुलीने फोनवर कबूल केलं होतं, की यंदा तुझ्या जागी मी चालेन, पूर्ण पोशाखात, तू फक्त माझा घेर धरून चाल. "तिला दिसत नाही," ती म्हणाली. "ती हाताने बघणार. हाताला बरोबर लागायला हवा."

तिने बारा मीटर लाल सुती कापड आणलं होतं. "सगळं लावायचं," ती म्हणाली. दाराशी जाऊन परत वळली आणि पुन्हा म्हणाली, "सगळं." मी मान डोलावली. मनात म्हटलं, तू बघच, तुला कशी चकित करते.

आणि मी तिला चकित केलं. जुन्या झग्याच्या त्या चुण्या मला अडाणीपणाच्या वाटल्या. कोणा बिचारीला कळीदार बेतायला शिकवलंच नसेल, म्हणून कापड नुसतं कोंबलंय, असं मी धरून चालले. मी वर निमुळत्या, खाली रुंद अशा आठ कळ्या काढल्या, कमरेला चपखल, खाली हवा तेवढाच घेर. बाह्यांची फुगवटी थोडी आटोक्यात आणली. आठ मीटरमध्ये झगा झाला. उरलेल्या चारात तिच्या बोलण्यात आलेल्या भाचीसाठी एक फ्रॉक आणि आईसाठी दोन उशांचे अभ्रे, झालर लावून. रुमालाची शिंगं मात्र मी इमानाने भरली. त्यात वर्तमानपत्राच्या सुरळ्या घालतात म्हणाली होती, तर खालच्या ग्रोसरीतून मल्याळम पेपरची रद्दी आणली आणि ठासून भरली.

गुरुवारी दुपारी ती ट्रायलला आली. शनिवारी सकाळचं तिचं विमान होतं. मी बेडरूमचं दार लावून बाहेर उभी, आतून कौतुक ऐकायला कान टवकारून. दार उघडलं. झगा अंगावर असा बसला होता की कोणी मासिकात छापावा. ती आरशासमोर दोन पावलं चालली आणि थांबली. तिच्याबरोबर झगाही थांबला. तिने हाताने घेर धरून बाजूला ओढला, तो लगेच संपला. मी टेबलावरचा फ्रॉक आणि अभ्रे उचलून म्हटलं, "बघ, चार मीटर वाचले."

ती पलंगावर बसली आणि फ्रॉकची झालर बोटांनी चाचपत राहिली. मग म्हणाली, "सुंदर शिवलंय. पण यात मला पळता येईल."

"मग चांगलंच की."

"नाही. आमच्या झग्यात पळता येत नाही. आमच्या बायका हळू चालतात. आम्हाला आता पळायचं नाही."

मला काही कळलं नाही. पण तिच्या डोळ्यांतून पाणी आलेलं दिसलं. अशा वेळी शहाण्या माणसाने सॉरी म्हणावं. मला तो शब्द तोंडातून काढायला जड जातो, आयलाही जायचा. मी उलट तिच्यावरच खेकसले, "अगोदर नीट सांगायचं होतंस ना!" तिने दोनदा सांगितलं होतं. ते तिला माहीत होतं आणि मलाही. ती म्हणाली, "राहू दे. आई काही बोलणार नाही." हे मात्र मला सहन झालं नाही. काही न बोलणारी आई म्हणजे काय ते मला ठाऊक होतं.

तिला तिथेच बसवून मी पर्स उचलली आणि तिने कापड घेतलं होतं त्या दुकानात टॅक्सीने गेले. दुकानदार बिचारा सगळे ठाण उलटेपालटे करून म्हणाला, "खलास, सिस्टर. नया माल अगले हफ्ते, इन्शाल्ला." दुसरे तीन लाल दाखवले, एक गुलाबीकडे झुकणारा, दोन पॉलिस्टर. मी रिकाम्या हाताने परत आले आणि तिला सांगितलं, "उद्या सकाळी आठला ये. तुला सुट्टीच आहे. आणि उपाशी येऊ नकोस."

शुक्रवारी मी चर्चला गेले नाही. शारजात आल्यापासून पहिल्यांदाच; तिकडे सुट्टी शुक्रवारची, म्हणून रविवारची प्रार्थना, मिसा, त्याच दिवशी असायची. नवरा आणि मुलगी मिसाला गेले, आणि आम्ही दोघी हॉलमध्ये खाली सतरंजीवर बसून उसवत होतो. ती फ्रॉक आणि अभ्रे उसवत होती, मी झगा. माझा बेत असा, की आठ कळ्यांच्या मध्ये आठ रुंद पट्ट्या घालायच्या आणि वरून चुण्या घ्यायच्या. उसवायचं काम फार चेंगट असतं, हात चालतात आणि तोंड मोकळं राहतं. मी विचारलं, "पळायचं नाही म्हणजे काय?"

ती खाली बघून, टाके कापत कापत सांगत गेली. जर्मन आले आणि हळूहळू जमीन गेली, मग गुरं गेली. एकोणीसशे चारमध्ये हेरेरो उठले. त्या डोंगरापाशी हरले आणि बायकापोरं, उरलीसुरली गुरं घेऊन एकच वाट उरली होती तिकडे पळाले. ती वाट ओमाहेकेच्या वाळवंटात जात होती. सैनिकांनी मागून वाट बंद केली आणि पाण्याच्या जागांवर पहारे बसवले. सेनापतीने हुकूम काढला, की आपल्या हद्दीत दिसेल तो हेरेरो गोळी घालून मारायचा, हातात बंदूक असो नसो. माणसं पाण्यासाठी वाळूत हातांनी खड्डे खणत मेली. जी सापडली ती छावण्यांत गेली आणि तिथे मेली. त्यानंतर उरलेल्यांना गुरं पाळायची बंदी आणि गळ्यात नंबराचा पत्रा. तिची आजी, आईची आई, तेव्हा नऊ वर्षांची होती. ती वाळवंट ओलांडून पलीकडे पोचली. तिच्याबरोबर निघालेल्या घरातल्या अकरा जणांपैकी ती एकटी.

"म्हणून तू ग्लास रिकामा करतेस," मी म्हटलं.

"आमच्या घरात पाणी टाकत नाहीत," ती म्हणाली.

मी उठले आणि तिला आणखी एक ग्लास आणून दिला. दुसरं काय करणार होते? शारजाहून अल ऐनला जाताना आम्हीही वाळवंट बघायचो, एसी लावून, मागच्या सीटवर पाण्याचा अख्खा क्रेट ठेवून. मुलगी उंट मोजायची.

"आणि हा झगा?" मी विचारलं. "हा तर मडमांसारखा दिसतो."

"त्यांचाच आहे. मिशनऱ्यांच्या बायकांनी आणला. अंग झाका म्हणाल्या." तिने एक टाका कापला. "युद्धानंतर आमच्या बायकांनी तो टाकून दिला असता तर कोणी नाव ठेवलं नसतं. पण त्यांनी ठेवून घेतला. घेर वाढवत नेला. डोक्यावर आमच्या गाई चढवल्या. गुरं पाळायची बंदी होती ना. मग घ्या, डोक्यावर पाळतो."

मी पुढची कळी उसवायला घेतली. आमच्या वसईतही पोर्तुगीज आले होते. आमची आडनावं त्यांची, प्रार्थना त्यांच्या. बायकांचं लाल चौकड्यांचं लुगडं तेवढं आमचं उरलं होतं. आय शेवटपर्यंत तेच नेसली. मी कॉलेजात गेले तेव्हा मुली तिच्याकडे बघून हसल्या, म्हणून मी तिला सांगितलं होतं, कॉलेजात येत जाऊ नकोस. ती पुन्हा आली नाही. काही बोललीही नाही.

फ्रॉक आणि अभ्र्यांतून जेमतेम दोन पट्ट्या निघाल्या, तुकडे जोडून. आठ हव्या होत्या. माझा चिंध्यांचा डबा उपडा केला तर त्यात टिकल्यांचं नेट आणि ब्लाउजपीसचे तुकडे. अकरा वाजत आले होते. तिने विचारलं, "दुसरं काही लाल नाही?" मी नाही म्हटलं आणि ते खोटं होतं.

कपाटात वरच्या खणात, प्लॅस्टिकच्या पिशवीत, आयचं लुगडं होतं. तीन वर्षांपूर्वी ती गेली तेव्हा मला तिकीट मिळून पोचेपर्यंत तिला पुरून दोन दिवस झाले होते. निघताना वहिनीने ही पिशवी हातात दिली. मी ती उघडली नव्हती. उघडली की वास उडून जाईल अशी मला भीती होती. स्टुलावर चढून मी पिशवी काढली आणि उघडली. लुगडं नऊवारी, धुऊन धुऊन सायीसारखं मऊ झालेलं, लाल मात्र तसंच. नाकाला लावलं. वास केव्हाच गेला होता, पिशवीचाच येत होता.

मी हॉलमध्ये येऊन विचारलं, "तुमच्यात तुकड्यांचा झगा चालतो का?"

"पूर्वी सगळे तुकड्यांचेच असायचे," ती म्हणाली. मग तिने माझ्या हातातलं कापड बघितलं, माझं तोंड बघितलं. "हे कोणाचं?"

"माझ्या आईचं. आता कोण नेसतंय?"

तिने कात्री खाली ठेवली. "नको. मी आहे तोच घालेन."

"बस खाली," मी ओरडले. "माझं डोकं फिरवू नकोस. चुण्या घ्यायला मला तीन तास लागतील."

पहिला काप मी घेतला. आवाज झाला तेव्हा दोघींनीही मान वर केली नाही.

चार वाजता तिने झगा घातला. परकरांवर तो असा पसरला की बेडरूमच्या दारातून तिला आडवं होऊन यावं लागलं. ती हळू चालली. थांबली, तरी घेर तिच्या मागे थोडा वेळ हलत राहिला. चौकड्यांच्या सहा पट्ट्या चुण्यांत लपायच्या आणि चालताना उघडायच्या. मिसाहून आलेली माझी मुलगी टीव्ही सोडून बघत उभी राहिली आणि म्हणाली, "शी लुक्स लाइक अ शिप." नवरा म्हणाला, "लिफ्टमध्ये कशी मावणार ही?" तिने वाकून मला मिठी मारली, शिंग माझ्या कपाळाला लागलं आणि आतला मल्याळम पेपर खसखसला. तेव्हाही मी सॉरी म्हटलं नाही. डब्यात फिश कटलेट भरून दिले.

त्यानंतरचे तीन आठवडे माझा जीव टांगणीला लागला होता. आई काही बोलली नसेल तर? रोज नवऱ्याला विचारायचे, आली का? तो वैतागून म्हणायचा, "आली की पहिली बातमी तुलाच."

सप्टेंबरात एका शुक्रवारी दुपारी ती आली. मी पाणी दिलं. तिने ग्लास रिकामा केला, तळ बघितला आणि बसली. मुलगी टेबलावर गृहपाठ करत होती. मी उभीच. "सांग," म्हटलं.

तिने सांगितलं. डोंगरापाशी हजारो माणसं होती, बायका लाल, हिरव्या, पांढऱ्या पोशाखांत, पुरुष जुन्या सैनिकांसारख्या गणवेशात. जर्मनीहून एक मंत्रीबाई आल्या होत्या आणि त्यांनी व्यासपीठावरून माफी मागितली. शंभर वर्षांनी. कोणी रडत होतं, कोणी ओरडत होतं. "आणि माझी आई," ती म्हणाली, "तिने त्यातलं एक अक्षर ऐकलं नाही. ती माझा घेर चाचपत होती. एक कळी, मग पट्टी, मग कळी, अशी माझ्याभोवती पूर्ण फिरली. मी म्हटलं, आई, त्या माफी मागताहेत, ऐक. ती म्हणाली, थांब. हे कापड नवं नाही. हे कोणीतरी खूप वर्षं नेसलंय. हे कोणाचं?"

मी खुर्ची ओढून बसले.

"मी सांगितलं, शिवणारीच्या आईचं. तिने विचारलं, आहे का ती? म्हटलं, नाही. मग तिने विचारलं, नाव काय तिचं? मला माहीत नव्हतं. आई मला रागावली. म्हणाली, आपण इथे आपल्या सगळ्या गेलेल्यांना नावाने हाक मारतो, आणि एक बाई तू अंगावर घेऊन आलीस ती बिननावाची? जा, विचारून ये." तिने पर्समधून फोनकार्ड काढून टेबलावर ठेवलं. "ती घरी वाट बघतेय."

आयचं नाव! ती सगळ्यांची आय होती. शेजारणी तिला माझ्या थोरल्या भावाच्या नावाने हाक मारायच्या, बाप तिला नुसतंच अगो म्हणायचा. तिचं नाव मी फॉर्मवर लिहिलं होतं, कितीदा तरी. उच्चारलं कधी होतं, मला आठवेना. तिला पुरताना पाद्रींनी ते घेतलं असेल, तेव्हाही मी पोचले नव्हते.

तिने नंबर फिरवला, आपल्या भाषेत काहीतरी बोलली आणि रिसीव्हर माझ्या हातात दिला. पलीकडे श्वास ऐकू येत होता. मी आयचं नाव घेतलं, माहेरच्या आडनावासकट, सगळं. पलीकडून म्हातारीने ते सावकाश परत म्हटलं. मग दुसऱ्यांदा म्हटलं, मोठ्याने, खोलीतल्या कोणाला तरी सांगावं तसं. मला रडू आवरेना. रडता रडताच मी तिला मराठीत म्हटलं, "माझं चुकलं." हे मी म्हातारीला म्हटलं की आयला, ते मला सांगता येणार नाही.

फोन ठेवला तेव्हा मुलगी माझ्याकडे बघत होती.

"मम्मी," ती मराठीत म्हणाली, "हे कोणाचं नाव?"

"माझ्या आयचं."

तिने पेन खाली ठेवलं आणि ते नाव एकदा हळूच म्हणून बघितलं.